ओझरता उल्लेख

पुस्तकाच्या शेवटी जी सूची असते, ती कुणीतरी करावी लागते. लोकांना वाटतं ती आपोआप उगवते, नाहीतर हल्ली कॉम्प्युटर करतो. कॉम्प्युटर शब्द शोधून देतो. त्यातला महत्त्वाचा कुठला आणि सोडून द्यायचा कुठला, हे अजून तरी माणसालाच ठरवावं लागतं, आणि इंग्लंडातल्या बेसिंगस्टोकमधल्या आमच्या घराच्या मागच्या खोलीत बसून ते मी ठरवते. मी मीनाक्षी, वय वर्षं साठ. पुण्यात ग्रंथपालाचा कोर्स केला आणि लग्न करून राजीवच्या मागोमाग इथे आले. त्याला इथल्या बिझनेस पार्कमध्ये नोकरी मिळाली. मला मात्र एकाही लायब्ररीने दारात उभं केलं नाही. मग घरबसल्या सूचिकाराचा कोर्स केला आणि या कामाला लागले.

पहिलंच पुस्तक आलं ते हॉलोकॉस्टवरचं. एक विद्यापीठ प्रकाशन आहे, त्यांचं. पोलिश, हंगेरियन, यिडिश नावं मी एकही न चुकवता लावली, म्हणून त्यांनी खूश होऊन दुसरं पाठवलं. दुसऱ्यानंतर तिसरं. एकदा माणसाला एका खुंटीला टांगलं की कुणी काढत नाही. इतिहास, आठवणी, स्मारकांवरचे ग्रंथ, छळछावण्यांतून वाचलेल्यांच्या मुलांना होणाऱ्या त्रासावरचे ग्रंथ, आठवणींबद्दलच्या आठवणी. गेल्या हिवाळ्यापर्यंत अशी तेहतीस पुस्तकं मी केली होती.

इथल्या मराठी मंडळाच्या दिवाळीत माझी ओळख 'छळछावण्यांची पुस्तकं करते ना, ती' अशी करून देतात. चैत्राली म्हणून एक नागपूरची मुलगी आहे, तिने यंदा चकलीचा तुकडा मोडत विचारलं की हे वाचून तुम्हाला डिप्रेस नाही का होत. मी म्हटलं, डेडलाइन असली की डिप्रेस व्हायला वेळ कुठे मिळतो. सगळे हसले. मीही हसले.

खरं सांगायचं तर मी दमले होते. सुरुवातीच्या पुस्तकांच्या वेळी मध्येच उठून बागेत जाऊन उभी राहायचे, थंडी असली तरी. एकदा एका बाळाबद्दलचा परिच्छेद वाचून दोन दिवस मला जेवण गेलं नव्हतं. आता भेंडी चिरता चिरता मी विचार करते की टायफसला स्वतंत्र नोंद द्यावी की तो 'रोगराई'खाली घालावा. सांगायला लाज वाटते, पण हेही अंगवळणी पडतं. दुःखाने नव्हते दमले मी. दुःख यायचं थांबलं होतं, त्याने दमले होते. हे चौतिसावं शेवटचं, यानंतर मला बागकामाची पुस्तकं पाठव, नाहीतर पाठवू नकोस, असं मी संपादकीण हॅरिएटला कळवूनही टाकलं होतं.

चौतिसावं पुस्तक होतं इलोना प्रेस्कॉट नावाच्या बाईंचं. माहेरच्या हालमोश. बुडापेस्टच्या ज्यू कुटुंबात जन्म, दहाव्या वर्षी घेट्टो, म्हणजे ज्यूंना डांबायची कोंडवस्ती, बाविसाव्या वर्षी इंग्लंड, मग एकतीस वर्षं इथल्या मुलींच्या शाळेत गणिताच्या शिक्षिका. आता वय एक्याण्णव, मुक्काम लंडनमधलं ईलिंग. पुस्तक लहानसंच होतं, दोनशे बारा पानांचं. वाक्यं आखूड, कुठे रडारड नाही. मी ते नऊ दिवसांत उरकलं. उरकलं हाच शब्द बरोबर आहे. सूची चोख होती, पण मी पाट्या टाकत होते.

सूची छापण्याआधी तपासायला लेखकाकडे जाते. बहुतेक लेखक तिच्याकडे बघतही नाहीत. फार तर स्वतःचं नाव बघतात. एका सोमवारी हॅरिएटचा फोन आला. ती पोर बिचारी एका वेळी वीस पुस्तकं सांभाळते, आवाज कायम सर्दी झाल्यासारखा. मिसेस प्रेस्कॉटनी सकाळपासून तीनदा फोन केलाय, म्हणाली. सूचीत एक माणूस राहिलाय असं त्यांचं म्हणणं आहे. तुझा नंबर दिला तर चालेल का?

माझ्या सूचीत माणूस राहिलाय हे ऐकून माझं डोकंच तापलं. तेहतीस पुस्तकांत एक तक्रार नाही. दे म्हटलं नंबर.

पाचच मिनिटांत फोन वाजला. आमचं बोलणं अर्थातच इंग्रजीत झालं, मी ते माझ्या भाषेत सांगते. आवाज कोरडा, स्पष्ट, वर्गाच्या शेवटच्या बाकापर्यंत पोचणारा. सूची तुम्ही केलीत का, असं विचारून त्या म्हणाल्या, ''माझी बहीण त्यात नाही. झुझी.''

मला झुझी आठवेना. फोन कानाला लावून मी फाइलमध्ये शोधलं. अख्ख्या पुस्तकात एकदाच आलं होतं ते नाव, पान एकसष्टवर. 'डिसेंबरात आम्हाला घर सोडायचा हुकूम आला. आई, आजी, मी आणि झुझी, आम्ही सकाळी निघालो.' बस, एवढंच. आमच्या कामात याला ओझरता उल्लेख म्हणतात, आणि ओझरता उल्लेख सूचीत घ्यायचा नाही असा नियम आहे. तो पुण्यात आम्हाला पहिल्याच आठवड्यात शिकवला होता आणि इथल्या कोर्समध्येही पहिल्याच धड्यात होता. लेखक चहा पिऊन स्टेशनवर गेला म्हणून 'चहा'ची नोंद करत नाहीत. वाचक ते पान उघडतो आणि त्याला तिथे काहीच मिळत नाही, अशी नोंद म्हणजे वाचकाची फसवणूक.

हे सगळं मी त्यांना समजावून सांगितलं. ''ती एकदाच येते हो, मिसेस प्रेस्कॉट. ओझरता उल्लेख आहे तो.'' हे वाक्य मी एका एक्याण्णव वर्षांच्या बाईला तिच्या बहिणीबद्दल ऐकवलं. आजही आठवलं की कानशिलं गरम होतात.

मग त्यांनी विचारलं की मला ईलिंगला येणं जमेल का. त्यांना जिने उतरवत नाहीत, नाहीतर त्याच आल्या असत्या.

मी हॅरिएटला फोन केला. तिने हात टेकले. छापखान्यात बाकीची पानं गेलीत, म्हणाली, पुस्तक सोळा-सोळा पानांच्या हिशेबात छापतात, सूचीला सहा पानं म्हणजे सहाच, आणि ती तू शेवटच्या ओळीपर्यंत भरलीयस. एक ओळ हवी असेल तर एक ओळ काढ. गुरुवारी दुपारी बारापर्यंत पाठव, त्यानंतर माझ्याही हातात काही नाही.

संध्याकाळी राजीवला सांगितलं. तो चहाबरोबर टोस्ट खात होता.

''अगं, मग काढ ना कुणाला तरी. फाइव्ह मिनिट्सचं काम आहे. त्यासाठी ईलिंगपर्यंत कशाला जातेयस, ट्रेन्सची हालत बघतेयस ना?''

''कुणाला काढू?''

''असतील की कोणी इम्पॉर्टंट नसलेले.''

बोलून गेला आणि माझ्याकडे बघून त्याने टोस्ट खाली ठेवला. तसा वाईट नाही तो. पण मी मागच्या खोलीत जाऊन सूची उघडली आणि इम्पॉर्टंट नसलेलं कोण ते बघू लागले. सहा पानं, दोन-दोन रकाने. शेजारीण, मारली गेली. वर्गमैत्रीण, मारली गेली. औषधाच्या दुकानदाराचा मुलगा, बेपत्ता. यातली एक ओळ मी खोडायची आणि त्या जागी दुसरी घालायची. इतकी वर्षं यादीत कोण राहील आणि कोण नाही हे मीच ठरवत आले होते आणि कधी अडखळले नव्हते. त्या दिवशी मला ते एकटीने करवेना. म्हणून मी गेले, दुसरं कारण नाही. थोर वगैरे काही नव्हतं त्यात.

बुधवारी सकाळी बेसिंगस्टोकहून रेडिंग आणि तिथून एलिझाबेथ लाइनची गाडी. स्लाऊला गाडी भरली. माझ्या शेजारी एक पंजाबी आजी पिशवीतली कोथिंबीर निवडत बसल्या होत्या, तो वास ईलिंगपर्यंत पुरला. मांडीवर लॅपटॉपची बॅग घेऊन मी मनात वाक्यं जुळवत होते. नियम, ओळी, छापखाना. आपण चुकलो नाही हे समोरच्याला पटवायची वाक्यं माणूस किती पटकन तयार करतो.

बाईंचा फ्लॅट पहिल्या मजल्यावर होता. त्यांना मी मनातल्या मनात तेव्हाच बाई म्हणायला लागले. आमच्या शाळेत गणिताला अशाच एक होत्या, तशाच लहान चणीच्या, तशाच ताठ. त्यांनी स्वतः दार उघडलं, स्वतः कॉफी केली आणि मला मदत करू दिली नाही. कप आणताना हात हलत होता, तरी एक थेंब सांडला नाही.

खोलीत एका भिंतीला फक्त पुस्तकं होती. त्यातली सहा-सात मी लांबूनच ओळखली, कारण त्यांच्या सूच्या माझ्या होत्या. उठून एक काढलं. पुढची पानं कोरी करकरीत होती, उघडताना पुठ्ठा कुरकुरला. शेवटची पानं मात्र झिजलेली, कोपरे काळे पडलेले. दुसरं काढलं तर तेही तसंच. तिसरंही.

बाई कॉफी ढवळत बघत होत्या. म्हणाल्या की मी ही पुस्तकं वाचत नाही, मला ती वाचवत नाहीत. मी मागून उघडते आणि हालमोशचं एच अक्षर काढते. साठ वर्षं हेच करतेय. आधी लायब्ररीत उभ्याउभ्या बघायची, मग विकत घ्यायला लागले. एखाद्या दवाखान्याच्या नोंदीत, अनाथाश्रमाच्या यादीत, कुणाच्या तरी आठवणीत ती असेल. चार वर्षांची मुलगी, कुणीतरी उचलून नेलेली. आतापर्यंत अकरा हालमोश सापडले. एक फुटबॉल खेळणारा होता, एक घरमालक. ती नव्हती.

मी पुस्तक जागेवर ठेवलं. त्यातल्या एकदोन सूच्या करताना मी काय करत होते ते आठवायचा प्रयत्न केला. बहुतेक भाजी चिरत असेन.

''तुम्ही माझं पुस्तक वाचलंत,'' बाई म्हणाल्या. ''नीट?''

मी हो म्हटलं. सूचिकार दोनदा वाचतो, आणि तोच सगळ्यात नीट वाचतो असं आम्ही लोक अभिमानाने सांगतो.

''मोजलंत का?''

मला कळलं नाही. त्यांनी टेबलावरची छापील पानं माझ्यापुढे सरकवली, एकसष्ट आणि बासष्ट. 'आई, आजी, मी आणि झुझी, आम्ही सकाळी निघालो.' त्याखाली रस्ता, बर्फ, बंदूकवाले लोक, मागून येणारे आवाज. पान उलटलं. बासष्टच्या शेवटी वाक्य होतं, 'घेट्टोतल्या खोलीत आम्हाला एक गादी मिळाली. आई भिंतीकडे झोपली, आजी मध्ये, मी कडेला.'

निघाल्या चौघी आणि पोचल्या तिघी. पुस्तकात त्यावर एक शब्द नव्हता.

मी ते पान दोनदा वाचलं होतं. त्यावर 'घेट्टो' नोंदवलं, 'बर्फ' नोंदवलं, 'आजी, तब्येत' नोंदवलं. माणसं मोजली नाहीत. मी त्यांना सांगितलं की मी मोजलं नाही.

कुणीच नाही मोजलं, त्या म्हणाल्या, आणि त्यांच्या आवाजात राग नव्हता, नुसता थकवा होता. मुलाने वाचलं, हॅरिएटने वाचलं, विद्यापीठाच्या दोन पंडितांनी वाचून शिफारस केली. सगळ्यांना पुस्तक संयमी वाटलं.

मग त्यांनी सांगितलं. फार वेळ नाही लागला. त्या दिवशी आजीला चालवत नव्हतं म्हणून आईने आजीला धरलं आणि झुझीचा हात इलोनाकडे दिला. झुझी हळू चालायची, तिचा एक बूट मोठा होता. इलोनाकडे हातमोजा एकच होता आणि झुझीचा हात ज्या हातात होता तो उघडा होता. बोटं दुखायला लागली. तिने तो हात खिशात घातला, जरा ऊब यावी म्हणून, आणि झुझीला सांगितलं की माझ्या कोटाला धर. पुढच्या वळणावर मागे बघितलं तेव्हा कोटाला कुणी धरलेलं नव्हतं. मागे जायला वळली तर एका बंदूकवाल्याने तिला पुढे ढकललं. मागे गोळ्यांचे आवाज होते, पण ते दिवसभरच होते.

''आईने मला कधीच विचारलं नाही,'' बाई म्हणाल्या. ''सत्तावीस वर्षं जगली त्यानंतर. एकदाही नाही विचारलं की तिचा हात कुठे सोडलास. विचारलं असतं तर बरं झालं असतं.''

माझ्या तेहतीस पुस्तकांत याहून भयंकर गोष्टी होत्या. पण त्या खोलीत त्या एकट्या गोष्टीने माझे डोळे भरून आले, आणि खरं सांगते, मला बरं वाटलं. कितीतरी दिवसांनी काहीतरी आत पोचलं होतं. बाईंनी टिश्यूचा बॉक्स पुढे केला. सवयीचं असावं त्यांना, वर्गात रडणाऱ्या मुलींमुळे.

मी विचारलं की हे पुस्तकात का नाही घातलंत. त्या म्हणाल्या की सहा वर्षं लिहीत होते. सतरा पानं झाली, मग नऊ झाली, मग तीन. प्रत्येक वेळी ती सबब व्हायची. थंडी होती, दहा वर्षांची होते, ढकललं गेलं. शेवटी सगळं काढून टाकलं.

''सूचीत सबब देता येत नाही,'' त्या म्हणाल्या. ''नाव असतं आणि पान असतं. मला तेवढंच हवंय. कुणी माझ्यासारखं मागून पुस्तक उघडलं तर तिचं नाव असायला हवं.''

मी लॅपटॉप उघडला आणि अडचण सांगितली. एक ओळ घालायची तर एक काढायची, उद्या बाराच्या आत. गणिताच्या बाईंना ते लगेच समजलं. आम्ही सूची मध्ये ठेवून बसलो, त्या भिंग घेऊन, मी चष्मा पुसून.

माझ्या मते सोपं होतं. पुस्तकात एक अधिकारी होता, ज्याने त्यांच्या इमारतीतल्या ज्यूंची यादी केली. त्याची एकच ओळ होती. ह्याला काढू, मी म्हटलं, ह्याचं नाव राहून कुणाचं भलं होणार आहे?

नको, बाई म्हणाल्या. त्याला निसटायला फार आवडेल. त्याला राहू दे तिथेच.

मग मी पावाच्या दुकानातली बाई सुचवली, जिने एकदा मागच्या दाराने पाव दिला होता. तिला मुलं नव्हती, म्हणाल्या, तिचं नाव आता फक्त इथे आहे. 'ट्राम' सुचवली. वडील ट्राम दुरुस्त करायचे, मजुरीच्या तुकडीत नेलं ते परत आले नाहीत, त्यांच्याबद्दल ट्रामशिवाय काही आठवत नाही. शाळेतली मैत्रीण, दुकानदाराचा मुलगा, इमारतीचा पहारेकरी. प्रत्येक ओळीपाशी त्या थांबायच्या आणि प्रत्येक ओळीत कुणीतरी उभं असायचं. तास गेला. कॉफी गार झाली. दहा दिवसांपूर्वी ही सूची मी केली होती आणि या लोकांपैकी एकालाही ओळखत नव्हते.

शेवटी माझा तोल गेला. ''मग मी काढू तरी काय, बाई?'' मी म्हटलं, आणि 'बाई' चक्क मराठीत तोंडातून गेलं. त्यांनी अर्थ विचारला नाही. पानं उलटून पी अक्षरावर आल्या आणि भिंग खाली सरकवत गेल्या. तिथे त्यांची स्वतःची नोंद होती, 'प्रेस्कॉट, इलोना', आणि तिच्याखाली क्रमाने अकरा पोटनोंदी. जन्म, शाळा, लग्न, इंग्लंडला येणं, अध्यापन. एका ओळीवर भिंग थांबलं.

''हे काढा.''

मी वाकून बघितलं. 'बचावणे, ६२–६४.'

मी चमकले. ते कसं काढता येईल, म्हटलं, पुस्तकाचा विषयच तो आहे, लोक ह्याच शब्दाखाली शोधतील, हॅरिएट विचारेल.

''हा शब्द माझा नाही,'' त्या म्हणाल्या. ''शोधा.''

मी शोधला. दोनशे बारा पानांत शून्य. आम्ही सूचिकार पुस्तकातल्या मजकुराला आपल्या पदरचे मथळे देतो, ते आमचं कामच आहे, पण हा मथळा मी या पुस्तकासाठी शोधला नव्हता. तेहतीस पुस्तकांत तो दिला होता, म्हणून चौतिसाव्यातही बोटांनी आपोआप टाइप केला. आणि टाकला कुठे, तर नेमका बासष्ट पानावर, जिथे तिघी पोचल्या. ज्या पानावर मी ती मुलगी बघितली नाही, त्याच पानावर तिच्या बहिणीला बचावल्याचं सर्टिफिकेट देऊन मोकळी झाले होते.

''तुम्ही वाईट हेतूने नाही लिहिलंत,'' त्या म्हणाल्या. ''सगळेच म्हणतात. शाळेत भाषणाला बोलावतात तेव्हा तसंच लिहितात, वाचलेली म्हणून. मी घेट्टोत पोचले. पुढचं सगळं घडत गेलं. पण त्या पानासाठी माझ्या नावाखाली तो शब्द नको.''

मी ती ओळ खोडली. खाली एक मोकळी जागा झाली. मग एच अक्षरावर गेले. तिथे हालमोश तिघेच होते, वडील, आई आणि आजी. त्यांच्याखाली मी टाइप केलं, 'हालमोश, झुझी, ६१.' लॅपटॉप त्यांच्याकडे फिरवला.

त्यांनी भिंगातून पाहिलं. मग मान हलवली, नाही म्हणून.

''एकसष्ट–बासष्ट,'' त्या म्हणाल्या.

मी म्हटलं की बासष्टवर तिचं नाव नाही. तिचा उल्लेखच नाही. सूचीत पान द्यायचं ते तिथे काहीतरी असतं म्हणून. तीस वर्षांच्या कामात मी असं पान कधी दिलं नव्हतं, नवशिक्यानेही दिलं नसतं. हे मी त्यांना सांगत होते आणि सांगता सांगताच मला कळत होतं.

''बासष्टवर ती नाही,'' बाई म्हणाल्या. ''तेच तर मला सांगायचंय.''

मी '–६२' टाइप केलं.

निघताना त्यांनी मला हात दिला. त्यांचा तळवा गरम होता आणि त्यांनी माझा हात जरा जास्तच घट्ट धरला, मग स्वतःच्या लक्षात आल्यासारखा सोडला. खाली येऊन ईलिंगच्या रस्त्यावर मी थोडा वेळ नुसती उभी राहिले. एक आई दोन मुलांना शाळेतून घेऊन चालली होती आणि मला त्या मुलांकडे बघवेना.

गुरुवारी सकाळी नऊला मी सूची पाठवली. राजीव ऑफिसला जाता जाता म्हणाला, ''सुटलीस बाई एकदाची. आता घे तुझी गार्डनिंगची बुक्स.'' मी हो म्हटलं.

दहाच्या सुमारास हॅरिएटची मेल आली. ती घाईघाईत असते, पण निष्काळजी नाही. बदललेली प्रत्येक नोंद ती पानाशी ताडून बघते. तिने लिहिलं होतं की ओळींचा हिशेब बरोबर बसलाय, धन्यवाद, पण झुझीचं नाव एकसष्टवर आहे, बासष्टवर कुठेच सापडत नाही. चूक आहे का? असल्यास ६२ काढून टाकते आणि पाठवते.

सगळं समजावून लिहावं असं मला वाटलं. हातमोजा, खिसा, वळण. तीन ओळी लिहिल्याही. मग त्या खोडल्या, कारण ते सांगायचा हक्क माझा नव्हता, आणि जिचा होता तिने ते सहा वर्षं घासून शेवटी काढून टाकलं होतं. मी एवढंच लिहिलं: चूक नाही. तसंच ठेव. दोन्ही पानं एकदा परत वाच.

अकरा वाजले. साडेअकरा झाले. हॅरिएटला वीस पुस्तकं असतात, ती कुठून वाचायला बसणार. तिने ६२ काढून टाकलं असेल, असंच मी धरून चालले. खोलीतच बसून राहिले, दुसरं काही सुचत नव्हतं.

बाराला दहा कमी असताना उत्तर आलं. नमस्कार नाही, खाली नाव नाही, हॅरिएट असं कधी लिहीत नाही.

'निघताना चौघी होत्या,' तिने लिहिलं होतं. 'मी पाठवतेय, आहे तसंच.'

मी फोन उचलून ईलिंगचा नंबर लावला. बाईंनी दुसऱ्याच रिंगला घेतला, शेजारीच बसल्या असणार. सूची गेली का, असं त्यांनी विचारलं नाही.

''मिसेस प्रेस्कॉट,'' मी म्हटलं, ''झुझी एकीला सापडली.''